पाच माणसांचा वाटा

पोरिरुआ, न्यूझीलंड
१२ फेब्रुवारी १९९५

चि. आकेनेहे हिस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

महासभेवर तुझी निवड झाल्याची बातमी मला तुझ्या पत्रातून नव्हे, चर्चच्या पायरीवर मिळाली. सामोआतल्या आपिआहून आलेल्या एका म्हातारीने सांगितली. तुझं पत्र मागच्याच जहाजाने आलं होतं. त्यात डुकरिणीला झालेली पिल्लं होती, छपराला लागणारे खिळे होते, बाबांचा खोकला होता. तोकेलाऊच्या तीन बेटांचे मिळून सत्तावीस सभासद, त्यातले नऊ नुकुनोनूचे, आणि त्या नवांत माझी बहीण, एवढं मात्र लिहायला कागद पुरला नाही. खिळे या पत्राबरोबर पाठवतो आहे. लोसाने त्या रात्री चार घरांना जेवायला बोलावलं आणि मी भाषण केलं. किती वेळ केलं, ते तुझी वहिनी सांगेल. मी सांगितलेलं ती खरं मानत नाही.

आता कामाचं. आजवर महासभेने ठरवायचं आणि वेलिंग्टनमधल्या न्यूझीलंड सरकारला विनंती करायची, असं चाललं. पुढच्या वर्षी कायदे करण्याचा हक्कच तुमच्याकडे येणार आहे. म्हणून त्या घरात कोण बसणार, हे आत्ताच ठरायला हवं. तिथे तुम्ही दीड हजार आहात. इथे आम्ही पाच हजार आहोत आणि आमच्यातला एकही तिथे नाही. आमच्या मंडळाने एक अर्ज तयार केला आहे. परदेशी राहणाऱ्या तोकेलाऊकरांना महासभेत एक जागा द्यावी. सत्तावीसमध्ये अठ्ठाविसावी. फक्त एक.

लोक म्हणतात, तुम्ही सोडून गेलात. मला हा शब्द सोसत नाही. सहासष्ट सालच्या वादळाने माड झोपवले, अळवाच्या खड्ड्यांत खारं पाणी शिरलं, तोंडं जास्त आणि अन्न कमी झालं. सरकारने नावं मागितली आणि वडीलधाऱ्यांनी माझं नाव दिलं. मी एकोणीस वर्षांचा होतो. मला कोणी विचारलं नाही. मी बेट सोडलेलं नाही, बेटाने मला पाठवलं. ज्याला घरातल्यांची पोटं भरावीत म्हणून घराबाहेर काढलं, त्याचा घरातल्या बोलण्यावरचा हक्क संपतो, असं कोणत्या देशाच्या कोणत्या न्यायात लिहिलं आहे? मी पुष्कळ वाचलं, मला कुठे सापडलं नाही.

अर्जाखाली सही माझी आहे. मंडळाचे लोक म्हणाले, नुसतं मंडळाचं नाव घालू. मी म्हटलं, ज्याला बोलायचं आहे त्याने तोंड दाखवावं. अर्ज जूनच्या बैठकीत वाचला जाईल. तू तिथे असशील, हे आमचं नशीब.

बाबांना माझा नमस्कार. तुझ्या लिनोला आणि मुलांना आशीर्वाद. तू आता मोठ्या लोकांत बसणार, तरी आमच्यावरचा जीव पूर्वीइतकाच राहू दे.

तुझा दादा,
लाफाएले


नुकुनोनू
१९ मार्च १९९५

ती. दादास,
शिरसाष्टांग नमस्कार, विनंती विशेष.

खिळे पोचले. लिनोने छपराचं काम त्याच दिवशी काढलं आणि दुसऱ्या दिवशी तिसऱ्याच कुणाच्या छपराला ते खिळे लागले. तू पाठवलेलं काही आपल्याच घरात राहिलं, असं अजून झालेलं नाही. बाबांचा खोकला तसाच आहे. आरोग्य केंद्रातली नर्स म्हणते, आपिआला जाऊन छाती दाखवा. बाबा म्हणतात, छाती तिथे नेली तरी खोकला माझाच राहणार.

तुझा अर्ज सचिवाकडून आमच्या वडील मंडळींकडे आला. तू विसरला नसशील, म्हणून फक्त आठवण देते. महासभेत आम्ही नऊजण आपल्या मनाचं बोलत नाही. आधी गावाची वडील मंडळी बसतात, एकमत होईपर्यंत बसतात, आणि झालेला शब्द आम्ही घेऊन जातो. तुझ्या अर्जावर ते दोन दिवस बसले. मला शब्द न्यायचा म्हणून मागच्या खांबाशी बसवलं होतं. बरेचजण तुझ्या बाजूने बोलले. त्यांचीही मुलं तिकडेच आहेत. बाबा दोन्ही दिवस गप्प होते. दुसऱ्या संध्याकाळी बोलले.

ते म्हणाले, लाफाएलेला आपण पाठवलं हे खरं आहे, आणि ते मला त्याच्याहून जास्त टोचतं, कारण ते नाव मी उच्चारलं होतं. पण कुप्याचा थवा आला आणि मासे किनाऱ्यावर मांडून इनातीची वाटणी करायची वेळ आली, की वाटे मोजणारा तिमो घराचं नाव घेतो आणि माणसं मोजतो. तान्ह्या पोराला जेवढा, म्हाताऱ्याला तेवढा. इमानदारीने सगळ्यांना सारखा. पण जो आज या बेटावर झोपणार आहे, त्यालाच. गेलेल्याचा वाटा आपण काढत नाही. राग म्हणून नाही, तो मासा त्याच्यापर्यंत पोचत नाही म्हणून. महासभेतला शब्दही इनातीच आहे. उद्या समुद्र घरात शिरला तर ज्याच्या पायाला पाणी लागेल, त्याने ठरवावं.

त्यानंतर कोणी बोललं नाही. गावाचा शब्द झाला : नाही.

मग बाबा म्हणाले, ज्या घरातून प्रश्न आला, त्याच घराने उत्तर न्यावं. म्हणजे मी. दादा, नऊजणांत ते मला बोलायचं आहे.

आता तुझ्याकडे एक मागणं. अर्जावरचं तुझं नाव काढ. मंडळाचं राहू दे. तुला तिकडे राहून अठ्ठावीस वर्षं झाली, म्हणून लिहिते. तू दारातून आत आलास की मी मागच्या बाजूने बाहेर जायची. तू माझ्यासमोर कधी थट्टेचा एक शब्द बोलला नाहीस, मी तुझ्यासमोर कधी मान वर केली नाही. बहीणभावाने असंच राहायचं असतं आणि आपण तसे राहिलो. पत्रात मी तुला चिडवते, कारण मध्ये एवढा समुद्र आहे. भर सभेत, तिन्ही बेटांच्या माणसांसमोर, तुझं नाव घेऊन नाही म्हणायचं, हे माझ्या तोंडून कसं येईल? बाबांना हे सुचलंच नाही. पुरुषांना सुचत नाही. आणि आता मी कसं सांगू?

मंडळाला मी नाही म्हणू शकते. तुला नाही.

वहिनींना नमस्कार. रागावलास तर राग या कागदावर काढ, माझ्यावरचा लोभ शाबूत ठेव.

तुझी,
आके


पोरिरुआ
१६ एप्रिल १९९५, ईस्टर

चि. आके,
अनेक आशीर्वाद.

आज सकाळी चर्चमधून आलो आणि तुझं पत्र पुन्हा वाचलं. बाबांचं बोलणं वाचताना मला ते समोर बसल्यासारखे वाटले. असा वक्ता या गावात असता, तर आम्ही कारखान्याचा संप हरलो नसतो. पण ते चुकत आहेत. मासा सडतो म्हणून पोचत नाही. शब्द सडत नाही. माझा शब्द जहाजाने जातो, टपालाने जातो, आणि तुझ्या हातात ताजा पडतो. हे पत्रच त्याचा पुरावा आहे.

नाव काढणार नाही. मी काही चोरी केलेली नाही. आयुष्यभर कारखान्यातल्या पोरांना सांगत आलो, की सही करायला घाबरेल त्याने मागायलाच उठू नये. आता माझी पाळी आली तेव्हा मंडळाच्या पाठीमागे लपू?

आणि बहीणभावाचं म्हणशील, तर तू तिथे बहीण म्हणून बसलेली नसशील, सभासद म्हणून असशील. घरातलं घरात. नाही म्हणायचं असेल तर ठणकावून म्हण, मला अभिमानच वाटेल. पण मला विचारशील, तर वडील मंडळींनी भरून दिलेला घडा होऊन जाऊ नकोस. तुझं स्वतःचं मत काय, ते एकदा स्वतःला विचार. ज्या सभेत माणसं फक्त निरोप पोचवतात, तिला मी सभा म्हणत नाही.

हे कडक झालं असेल. प्रेमाने लिहिलं आहे. बाबांसाठी छातीला चोळायचं औषध पाठवतो. त्यांनी ते शेजाऱ्याला देऊ नये, एवढं बघ.

माया आहेच. ती मतावर अवलंबून नाही.

दादा


फाकाओफो
८ जून १९९५

ती. सौ. लोसावहिनीस,
सा. न. वि. वि.

हे पत्र तुम्हाला आहे. दादाला दाखवायचं की नाही, ते तुम्ही ठरवा. मला त्याला लिहिता येत नाही.

या वेळची महासभा इथे फाकाओफो बेटावर भरली. बायकांनी नव्या चटया अंथरल्या होत्या, फुलांच्या माळा होत्या, गाणी झाली. पहिले दोन दिवस जहाजाच्या फेऱ्या, शाळेची पुस्तकं, आताफू बेटाच्या पाण्याच्या टाक्या यात गेले. मी दोनदा बोलले. टाक्यांबद्दल चांगलं बोलले, असं सगळे म्हणाले. मला वाटलं, जमतंय.

तिसऱ्या दिवशी सचिवाने अर्ज वाचला. वहिनी, तुम्ही तो ऐकला आहे, मी आधी फक्त वाचला होता. वाचणं वेगळं. बेटाने मला पाठवलं, हे वाक्य आलं तेव्हा समोर बसलेल्या फाकाओफोच्या म्हाताऱ्याने डोळे पुसले. शेवटी सचिवाने नाव वाचलं. लाफाएले, आसेलेमोचा मुलगा, नुकुनोनू.

आताफूवाले म्हणाले, आमच्या गावाचा विरोध नाही. फाकाओफोवाले म्हणाले, बाकीची दोन गावं म्हणतील तसं. अध्यक्षांनी आमच्याकडे तोंड केलं आणि विचारलं, नुकुनोनूचा शब्द काय? आमच्या म्होरक्यांनी माझ्याकडे हात केला. एकदा गावाने बोलणारा नेमला, की दुसऱ्याने त्याच्या वतीने बोलायचं नसतं.

माझ्या तोंडात शब्द तयार होता. बोटीत मी तो लाटा मोजत पाठ केला होता. अर्जदार म्हणायचं, नाव घ्यायचंच नाही, असंही ठरवलं होतं. पण ते नाव नुकतंच सगळ्यांनी ऐकलं होतं. सगळे माझ्याकडे बघत होते आणि प्रत्येकाला माहीत होतं मी कोणाची कोण. मला दार दिसलं. दादा आत येतोय आणि मला मागच्या बाजूने बाहेर जायचं आहे, असं वाटलं. मी चटईवर नजर लावली. त्या चटईच्या विणीत एक धागा चुकला होता. अध्यक्षांनी दुसऱ्यांदा विचारलं. आमचे म्होरके खोकले. तिसऱ्यांदा विचारलं.

आमच्याकडे हात वर करून मोजत नाहीत. तिसऱ्यांदा विचारूनही जो बोलत नाही, त्याने मान्य केलं, असं धरतात. पहिल्यापासून तसंच आहे. अध्यक्ष म्हणाले, तिन्ही गावांचं एकमत आहे. जागा मंजूर झाली. मग जेवायची घंटा झाली.

परतीच्या बोटीत नुकुनोनूचे आठहीजण माझ्याबरोबर असतील. म्होरके आज किनाऱ्यावर भेटले आणि म्हणाले, समुद्र बरा दिसतोय. तेवढंच म्हणाले.

मी दादासाठी गप्प बसले नाही, वहिनी. तसं असतं तर निदान ते माझं मत झालं असतं. मला बोलताच आलं नाही. आणि माझ्या गावाचा शब्द मी समुद्रात टाकला. आता घरी जाऊन बाबांच्या तोंडाकडे बघायचं आहे.

मनात मला जागा असू द्या.

आके


पोरिरुआ
२ जुलै १९९५

चि. आकेनेहेस,
किती आशीर्वाद लिहू?

तोकेलाऊच्या आपिआतल्या कचेरीतून मंडळाला तार आली. एकमताने मंजूर! एकमताने, आके! सभागृहात माणसांना उभं राहायला जागा नव्हती. म्हाताऱ्या नाचल्या, मीही नाचलो, आणि माझा गुडघा त्याची किंमत अजून वसूल करतो आहे. मी भाषणात सांगितलं, की हे माझ्या बोलण्याचं यश नाही. माझी बहीण तिथे उभी राहिली आणि वडीलधाऱ्यांच्या शब्दापुढे आपला शब्द ठेवण्याची हिंमत तिने केली. लोकांनी तुझ्या नावाने गाणं म्हटलं.

तू काय बोललीस ते सविस्तर लिही. मला ते छापायचं आहे. पहिल्या जागेवर मीच जावं, असं मंडळ म्हणतं. म्हणजे पुढच्या वर्षी आपण दोघं एका घरात, समोरासमोर.

लोसाला तुझं वेगळं पत्र आलं म्हणे. दाखवत नाही. विचारलं की भांडी जोरात घासते. बायकांची गुपितं तुम्हालाच लखलाभ.

बाबा रागावले असतील. त्यांना म्हणावं, हरण्यातही मोठेपणा असतो.

तुझा ऋणी आणि आनंदी,
दादा


नुकुनोनू
६ ऑगस्ट १९९५

चि. लाफाएले यास,
आशीर्वाद.

मी पत्रं लिहीत नाही, तुला ठाऊक आहे. हे आकेने लिहायला हवं होतं, पण ती लिहिणार नाही.

बोट लागली त्या दिवशी ती घरी आली नाही. ओल्या कपड्यांनी सरळ सभाघरात आली, वडील मंडळींसमोर बसली आणि म्हणाली, तुम्ही दिलेला शब्द मी बोलले नाही. मला तीनदा विचारलं आणि मी गप्प बसले. कोणी तिला दटावलं नाही. का, असंही विचारलं नाही. ती आत आली तेव्हाच आमच्या लक्षात आलं, की आपण काय करून बसलो. भावाला नाही म्हणायला आपण बहिणीला पाठवलं. ती चूक माझी. पण गावाचा शब्द वाटेत सांडला, त्यालाही काही उत्तर हवं. ज्याच्या हातून वल्हं सुटलं, त्याला पुढच्या खेपेला नावेत घेत नाहीत. तिची जागा परत घ्यावी, असं मीच म्हटलं. दुसऱ्या कोणाला ते म्हणायला लावणं बरं नव्हतं.

आता ती बायकांच्या चटया विणायच्या बैठकीत जात नाही. इनातीला टोपली घेऊन लिनो जातो. तुझं आनंदाचं पत्र आलं ते तिने वाचलं, घडी घातली आणि मला दिलं.

तू एक जागा मागितलीस. तुला मिळाली. आपल्या घरात जी होती, ती गेली. मी हिशेब म्हणून लिहीत नाही, झालं ते लिहितो आहे. तू वाचलेला माणूस आहेस. अशा मिळण्याला काय म्हणतात, ते मला कळव.

तुझं भाषण मी ऐकून घेतलं असतं, लाफा. दोन दिवस ऐकलं असतं. तिचं गप्प बसणं मला ऐकवलं नाही.

औषध पोचलं. शेजारी दिलेलं नाही.

तुझा बाप,
आसेलेमो


पोरिरुआ
३ सप्टेंबर १९९५

ती. बाबांच्या चरणी,
साष्टांग नमस्कार.

तुमचं पत्र आलं त्या दिवशी लोसाने आकेचं जूनमधलं पत्रही माझ्यापुढे ठेवलं. म्हणाली, तुम्ही नाचत होतात म्हणून दिलं नाही, आता बसला आहात तर वाचा. मी दोन्ही वाचली.

अशा मिळण्याला काय म्हणतात, ते मला माहीत आहे. मी पंचवीस वर्षं मालकांच्या तोंडावर तो शब्द फेकत आलो : जबरदस्ती. माणूस बोलू शकत नाही अशी अवस्था करायची, आणि मग त्याच्या न बोलण्याला होकार म्हणायचं. कारखान्यात ते आमच्याशी असंच करत. करारपत्र पुढे ठेवत, पोटाकडे बघत आणि विचारत, कोणाची हरकत? त्याविरुद्ध मी टेबलांवर उभा राहून ओरडलो आहे. आणि आके मला सांगत होती, दादा, नाव काढ, मला बोलता येणार नाही. मी तिला लिहिलं, ठणकावून बोल. मी जे वाचलं त्यातलं काहीच मला उपयोगी पडलं नाही, कारण समोरचं तिचं साधं पत्र मला वाचता आलं नाही.

महासभेला मी अर्ज मागे घेत असल्याचं कळवलं आहे. नुकुनोनूला विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर अजून आलेलं नाही, तेव्हा मंजुरी धरू नये, असं लिहिलं. नाव घालून, सही करून. रविवारी मंडळातही सांगितलं. फार ओरडले. एकजण म्हणाला, मिळालेली जागा परत देणारा वेडा पहिल्यांदाच बघतो आहे. एक म्हातारी म्हणाली, मागायला तीन तास बोललास, सोडायला तीन मिनिटं, म्हणजे आता खरं बोलतोयस.

बाबा, माझं मत बदललेलं नाही. आम्हाला जागा हवी आणि ती न्यायाची आहे, असं मी मरेपर्यंत म्हणेन. पण ती मला अशी नको. मी दोन महिन्यांची रजा काढली आहे. तुमची परवानगी असेल तर येतो. सभाघरात माझा प्रश्न मी स्वतः विचारतो आणि गावाचं उत्तर माझ्या कानांनी ऐकतो.

आकेला काही लिहिण्याचं धाडस होत नाही. तिला माझा नमस्कार सांगा. आशीर्वाद द्यायची माझी लायकी सध्या नाही.

पायाशी जागा असू द्यावी.

लाफाएले


नुकुनोनू
५ नोव्हेंबर १९९५

ती. सौ. वहिनीस,
सा. न. वि. वि.

दादा सुखरूप पोचला. जहाजात दोन दिवस त्याने काही खाल्लं नाही आणि त्याहून नवल म्हणजे कोणाशी बोलला नाही, असं बरोबरच्यांनी सांगितलं.

पण आधीचं सांगते. तो यायच्या आदल्या दिवशी कुपा भरपूर लागला. लिनोचा पाय दुखत होता म्हणून किती महिन्यांनी टोपली घेऊन मी गेले. मासे ओळीने मांडले होते. तिमो एकेका घराचं नाव घेत होता. आमचं नाव आलं आणि तो म्हणाला, सहा. बाबा तिथेच बसले होते. ते म्हणाले, तिमो, पाच. मी, आके, लिनो, दोन पोरं. तिमो म्हणाला, सहा, आसेलेमो. जहाज आपिआहून निघालंय. बाबा म्हणाले, निघालंय, लागलेलं नाही, नियम म्हणजे नियम. तिमो म्हणाला, तुमचा लाफा दोन दिवस ओकत येणार, उतरल्यावर त्याला काय नियम वाढणार आहात? सगळे हसले. बाबांनी तोंड फिरवलं. मी सहा घेतले.

परवा वडील मंडळी बसली. दादा त्यांच्यासमोर बोलला. वहिनी, मी त्याचं भाषण आयुष्यात पहिल्यांदा ऐकलं. मोठ्याने बोलला नाही. वादळाचं बोलला, एकोणिसाव्या वर्षी बोटीत बसताना किनाऱ्यावर कोण कोण उभं होतं ते बोलला. तिकडे जन्मलेली पोरं आपल्या भाषेत प्रार्थना म्हणतात आणि अर्थ विचारतात, ते बोलला. शेवटी म्हणाला, मला गावाचं उत्तर हवं आहे, जे असेल ते.

बाबा म्हणाले, उत्तर मार्चमध्येच झालं आहे. ते एका माणसाच्या तोंडात अडकून राहिलं आहे. ते तिथूनच बाहेर यावं.

मी मागच्या खांबाशी होते. दादा माझ्यापासून चार हातांवर बसला होता. पुन्हा तेच झालं. चटई, वीण, धागा. मला वाटलं, आता इथेही तीनदा विचारतील.

तेव्हा दादा उठला. मंडळींपुढून वाकून चालत बाहेर गेला. आपल्या सभाघराला भिंती नाहीत, बाहेर बसूनही सगळं ऐकू येतं. म्हणून तो थांबला नाही. खडीवरून पार नीरफणसाच्या झाडापर्यंत गेला, खाडीकडे तोंड आणि आमच्याकडे पाठ करून खाली बसला. आणि त्याने दोन्ही हातांनी आपले कान झाकले. एवढा मोठा माणूस, वहिनी. ज्याला दुसऱ्याचं भाषण अर्ध्यात तोडल्याशिवाय चैन पडत नाही, तो.

गावाने त्याचा प्रश्न त्याच्याच तोंडून ऐकला होता. उत्तर ऐकायचा त्याचा हक्क होता, त्यासाठीच तो एवढ्या लांब आला होता. तो त्याने सोडला.

मी बोलले. मान वर करून, त्याचं नाव घेऊन, सगळं बोलले. मध्ये थांबले नाही. मग म्होरक्यांनी बाबांकडे बघितलं, बाबांनी खाली बघितलं, आणि म्होरके म्हणाले, फेब्रुवारीच्या महासभेला बोट पहाटे निघेल, आके, डबा बरोबर घे. एवढ्यावरून मला कळलं.

एका पोराला पाठवून दादाला आत बोलावलं. तो येऊन जागेवर बसला. काय झालं, असं त्याने विचारलं नाही. मीही सांगितलं नाही. समोरासमोर सांगायचं नाहीच. घरात तो पुढच्या दाराने येतो आणि मी मागच्या दाराने जाते, पूर्वीसारखं. पण काल मी वाढलेलं ताट त्याने दोनदा भरून घेतलं.

तुमचा माणूस जहाजाने परत पाठवते आहे. वजन थोडं वाढलेलं असेल. आमच्या या घराला तुमच्या मनातून उतरू देऊ नका.

आके


नुकुनोनू
३ डिसेंबर १९९५

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

आता मध्ये समुद्र आहे, म्हणून लिहिते.

त्या दिवशी मी जे बोलले, ते हे. लाफाएले, आसेलेमोचा मुलगा, माझा भाऊ, याने विचारलं की ज्याला बेटाने पाठवलं त्याचा बेटावर हक्क नाही का. हक्क आहे. तो आला तर त्याची चटई आहे, त्याचा वाटा आहे, बाबांनंतर या मंडळींत त्याची बसायची जागा आहे. पण त्या सगळ्यासाठी त्याने यायचं आहे. न येता इथलं ठरवायचा हक्क त्याला नाही. त्याला आपण पाठवलं, तो अन्याय होता. त्या अन्यायाची भरपाई म्हणून इथे राहणाऱ्यांच्या पायाखालची जमीन कोणाला देता येणार नाही. गावाचा शब्द नाही असा आहे. आणि मी स्वतःला विचारलं, जसं त्याने मला विचारायला सांगितलं होतं. माझाही शब्द नाही असाच आहे.

हे फेब्रुवारीत मी महासभेत असंच बोलेन. तू पुढे पुन्हा अर्ज करशील, मला माहीत आहे. कर. नाव घालून कर. तोवर मला सवय झालेली असेल.

बाबांचा खोकला रात्री वाढतो. इतकी वर्षं ओट्यावर ते न्यूझीलंडच्या दिशेला पाठ करून बसायचे, तू परत गेल्यापासून बसत नाहीत. तिकडे तोंड करून बसतात.

काल कुपा आला. थोडाच होता. तिमोने आपल्या घराचं नाव घेतलं, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाला, पाच. मी टोपली पुढे केली आणि पाच घेतले.

तुझ्या आशीर्वादाची वाट बघणारी,
तुझी धाकटी बहीण,
आकेनेहे